मागे घ्यायचे असेल, तर मुभा आधी लिहून घ्या

तालुक्याच्या न्यायालयात दावा संपवायला दोन ओळींची पुरसिस पुरते. ‘वादीस सदर दावा पुढे चालवावयाचा नाही, सबब तो मागे घेत आहे,’ एवढे लिहायचे, खाली सही किंवा अंगठा, शेजारी वकिलांची सही. न्यायाधीश त्यावर आदेश करतात, रोजनाम्यात नोंद होते आणि वर्षानुवर्षे चाललेले प्रकरण त्या दुपारी निकाली निघते. अपिलाचेही तसेच. गावी परतताना अनेकांच्या मनात एकच विचार असतो, की सध्या मागे घेतले आहे, पुढे गरज पडली तर पुन्हा लावू.

ही समजूत चुकीची आहे आणि तिची किंमत जमिनीत मोजावी लागते. न्यायालयाची लेखी मुभा न घेता दावा मागे घेतला, तर त्याच विषयावर तोच माणूस पुन्हा दावा आणू शकत नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधला आदेश २३, नियम १ हे स्पष्ट सांगतो. दावा सोडून देण्याचा हक्क वादीला केव्हाही आहे. पण पुन्हा येण्याचा हक्क हवा असेल, तर तो न्यायालयाकडे मागावा लागतो, त्यासाठी कारण दाखवावे लागते आणि न्यायालयाचे समाधान झाले तरच तो मिळतो. न मागता मागे घेतले, तर दार बंद होतेच, शिवाय समोरच्याचा खर्चही अंगावर येऊ शकतो.

गोंदिया जिल्ह्यातल्या पक्षकारांसाठी हा विषय मुद्दाम लिहावा असे वाटले, त्याला कारण आहे. १ मे १९९९ रोजी भंडाऱ्यातून वेगळ्या झालेल्या या आठ तालुक्यांच्या जिल्ह्यात दिवाणी वाद म्हणजे बहुतांशी जमिनीचे वाद. धुरा कोणी सरकवला, बांधी कोणाच्या नावावर आहे, वडिलांनी केलेल्या तोंडी वाटणीत कोणाला काय मिळाले, माजी मालगुजारी म्हणजे मामा तलावाच्या पाळीलगतची जागा कोणाची. हा भाग जुन्या मध्य प्रांतातला. मालगुजारीच्या काळातले खसरे, नंतरची मोजणी, एकत्रीकरणात पडलेले गट नंबर आणि आजचा सातबारा यांचा मेळ बसतोच असे नाही. दावा लावताना जुना नंबर लिहिला गेला, चतुःसीमा चुकली, एका बहिणीचे नाव राहिले, अशा चुका तालुक्याच्या न्यायालयात कोणाच्या लक्षात येत नाहीत. निकाल विरुद्ध जातो, अपील गोंदियाच्या जिल्हा न्यायालयात येते, तिथे नवे वकील सगळे कागद पहिल्यापासून वाचतात आणि मग चूक सापडते. कधी ती त्याहून उशिरा, नागपूर खंडपीठात दुसरे अपील गेल्यावर सापडते. ‘हे मागे घेऊन नव्याने लावू’ हा सल्ला नेमका अशा वेळी पुढे येतो.

सल्ला कधी बरोबर असतो, कधी घातक. तो कोणत्या प्रकारचा आहे हे सही करण्यापूर्वी ओळखता यायला हवे.

नेमके काय मागे घेता आहात?

बोलताना आपण सगळ्याला ‘केस मागे घेणे’ म्हणतो. अपिलाच्या टप्प्यावर मात्र त्यात दोन अगदी वेगळ्या गोष्टी दडलेल्या असतात.

पहिली गोष्ट, फक्त अपील मागे घेणे. तसे केले की खालच्या न्यायालयाचा हुकूमनामा जसाच्या तसा उभा राहतो. तो तुमच्या विरुद्ध असेल, तर तो अंतिम होतो, अपिलात मिळालेली स्थगिती संपते आणि समोरचा दुसऱ्या दिवशी हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची दरखास्त लावू शकतो. अपील मागे घेण्याचा हक्क अपीलकर्त्याचाच असतो. बिजू पटनायक यांच्या निवडणूक प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९६३ मध्ये सांगितले, की अपीलकर्ता कोणतीही सवलत न मागता अपील मागे घेत असेल, तर न्यायालयाने त्याला अडवू नये. पण तो हक्क वापरल्यावर मागे वळायची सोय नसते. आणखी एक गोष्ट लक्षात ठेवा. समोरच्याने तुमच्या अपिलात प्रतिआक्षेप दाखल केले असतील, तर तुम्ही अपील मागे घेतले तरी ते आक्षेप जिवंत राहतात आणि ऐकले जातात. आदेश ४१, नियम २२ मध्ये तशी तरतूद आहे. आपण रणांगण सोडले तरी समोरचा तिथेच उभा असतो.

दुसरी गोष्ट, अपील चालू असताना मूळ दावाच मागे घेणे आणि नवा दावा लावण्याची मुभा मागणे. संहितेच्या कलम १०७ मुळे अपील न्यायालयाला मूळ न्यायालयासारखेच अधिकार आहेत, त्यामुळे हे शक्य आहे. पण हा मार्ग फक्त वादीला खुला आहे. तुम्ही मूळ दाव्यात प्रतिवादी होता आणि हरल्यामुळे अपिलात आला असाल, तर मागे घेण्यासारखा दावाच तुमच्याकडे नाही. तुम्ही मागे घेऊ शकता ते तुमचे अपील, आणि त्याचा अर्थ वर सांगितलाच आहे.

वादीलाही अपिलात ही मुभा सहज मिळत नाही आणि मिळूही नये. खाली दावा फेटाळला गेला, म्हणजे समोरच्याच्या हातात एक निकाल आला. मुभा दिली की तो निकाल पुसला जातो आणि त्याला पुन्हा पहिल्यापासून लढावे लागते. के. एस. भूपती विरुद्ध कोकिळा या २००० सालच्या प्रकरणात उच्च न्यायालयाने दुसऱ्या अपिलात अशी परवानगी दिली होती, ती सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. परवानगी देताना समोरच्याला मिळालेला हक्क हिरावला जातो का, हे न्यायालयाने तपासलेच पाहिजे, असे त्यात बजावले आहे. म्हणून चूक जितकी लवकर सापडेल तितके बरे. साक्षी सुरू होण्यापूर्वी मागितलेली मुभा आणि दुसऱ्या अपिलात मागितलेली मुभा यांच्याकडे न्यायालय एका नजरेने पाहत नाही.

कोणते कारण टिकते?

आदेश २३, नियम १ (३) मध्ये दोन कारणे आहेत. एक, दाव्यात असा काही तांत्रिक स्वरूपाचा दोष आहे, की त्यामुळे तो फेटाळला जाणारच. दोन, नवा दावा लावू देण्याला पुरेसे कारण आहे. दुसरे कारण मोघम वाटते, पण त्याचा आधार घेऊन काहीही मागता येत नाही.

तांत्रिक दोष म्हणजे ज्याचा वादाच्या खरेखोटेपणाशी संबंध नाही, तरीही जो दावा बुडवतो असा दोष. सरकारविरुद्ध दावा लावण्यापूर्वी कलम ८० खालची दोन महिन्यांची नोटीस दिली नव्हती. मिळकतीचे वर्णन असे चुकले, की हुकूमनामा मिळाला तरी जागेवर ताबा कोणत्या तुकड्याचा द्यायचा हे कळणार नाही. दाव्याचे मूल्यांकन चुकले. एकत्र आणता येत नाहीत अशा मागण्या एकाच दाव्यात गुंफल्या गेल्या. अशा कारणांकडे न्यायालय सहानुभूतीने पाहू शकते.

साक्षीदार फिरला, मोजणी आपल्या बाजूने आली नाही, महत्त्वाचा कागद वेळेत दाखल केला नाही, उलटतपासणीत वादीने नको ते कबूल केले, यांतले काहीही तांत्रिक दोष नाही. तो पुराव्यातला कमकुवतपणा आहे. पुराव्याची फट बुजवायला दुसरी संधी द्यायची, तर कोणताच निकाल अंतिम राहणार नाही. ‘न्यायाधीश साहेबांचा कल आपल्याकडे दिसत नाही, मागे घेऊन टाकू’ असा सल्ला कोणी देत असेल, तर त्याच्या आधारावर मुभा मिळत नाही. आणि मुभा न घेता मागे घेतले, तर उरलेली संधीही गेली.

म्हणून सर्वांत आधी हा प्रश्न विचारा, की ही चूक मागे न घेता दुरुस्त होते का? बऱ्याचदा होते. गट नंबर किंवा चतुःसीमा चुकली असेल, तर आदेश ६, नियम १७ खाली दावा दुरुस्तीचा अर्ज देता येतो. वारसाचे किंवा सहहिस्सेदाराचे नाव राहिले असेल, तर आदेश १, नियम १० खाली त्याला सामील करता येते. अपिलात एखादा कागद खरोखर आवश्यक असेल आणि खाली तो का दाखल झाला नाही याला योग्य कारण असेल, तर आदेश ४१, नियम २७ खाली जादा पुरावा मागता येतो. अपिलाचा मसुदाच सदोष असेल, तर न्यायालय तो दुरुस्तीसाठी परत देऊ शकते. आदेश ४१, नियम ३ त्यासाठीच आहे. चुकीच्या न्यायालयात दावा लागला असेल, तर तो मागे घेण्यापेक्षा योग्य न्यायालयात दाखल करण्यासाठी परत मागणे केव्हाही चांगले. आदेश ७, नियम १० मध्ये ती सोय आहे. या सगळ्या मार्गांमध्ये पहिल्या दाव्याचा धागा तुटत नाही किंवा निदान मुदतीचे संरक्षण मागता येते. मागे घेण्यात तो धागा आपण स्वतः तोडतो.

माझे मत विचाराल, तर मागे घेण्याचा अर्ज हा शेवटचा उपाय आहे. दुरुस्तीचा अर्ज फेटाळला गेला किंवा दोष असा आहे, की दुरुस्तीने दाव्याचे स्वरूपच बदलेल, तेव्हाच तिकडे वळावे.

मुदत थांबत नाही

मुभा मिळाली म्हणजे सगळे मिळाले असे समजून लोक निर्धास्त होतात आणि नेमके इथेच फसतात. आदेश २३, नियम २ वाचला, की छातीत धस्स होते. मुभा घेऊन नवा दावा लावला, तरी मुदत अशी मोजायची, जणू पहिला दावा कधी लागलाच नव्हता.

उदाहरण घेऊ. सडक अर्जुनी तालुक्यातल्या एका शेतकऱ्याला जून २०१३ मध्ये कळले, की त्याच्या वाट्याच्या जमिनीचे विक्रीपत्र भावाने परस्पर करून दिले आहे. ते विक्रीपत्र आपल्यावर बंधनकारक नाही असे जाहीर करून मागण्याला तीन वर्षांची मुदत. त्याने २०१५ मध्ये, म्हणजे मुदतीत, दावा लावला. २०१९ मध्ये दावा फेटाळला गेला. अपील गोंदियाला चालू असताना २०२४ मध्ये त्याने मुभेसह दावा मागे घेतला आणि महिन्याभरात नवा दावा लावला. मुभा खरी, आदेश स्पष्ट, तरी त्या मागणीची मुदत जून २०१६ मध्येच संपलेली. पहिल्या दाव्यात गेलेली नऊ वर्षे त्याच्या बाजूने मोजली जात नाहीत. आणि दाव्याचा उशीर विलंब माफीच्या अर्जाने माफ होत नाही, कारण मुदत अधिनियम, १९६३ चे कलम ५ अपिलांना आणि अर्जांना लागू आहे, मूळ दाव्याला नाही.

याला एक अपवाद आहे आणि तो नीट समजून घ्यावा. मुदत अधिनियमाचे कलम १४ सांगते, की ज्या न्यायालयाला अधिकारच नव्हता, तिथे एखाद्याने सद्भावनेने आणि नेटाने प्रकरण चालवले असेल, तर तो काळ मुदतीतून वगळावा. मुभा जर अधिकारक्षेत्राच्या किंवा तशाच स्वरूपाच्या दोषामुळे मिळाली असेल, तर नव्या दाव्यालाही हे संरक्षण मिळते. कलम १४ (३) मध्ये तसे लिहिले आहे. म्हणजे मुभा कोणत्या कारणासाठी मिळाली, हे आदेशात लिहिलेले असणे फार महत्त्वाचे. ‘अर्ज मंजूर’ एवढ्याच शब्दांवर पुढे कलम १४ मागायला गेलात, तर समोरचा विचारणार, की अधिकारक्षेत्राचा दोष होता हे कुठे लिहिले आहे?

अपील मागे घेऊन तेच अपील पुन्हा लावायचे असेल, तर हिशेब थोडा वेगळा. जिल्हा न्यायालयात अपिलाला ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस. निकालाची आणि हुकूमनाम्याची नक्कल मिळायला लागलेला काळ त्यातून वगळला जातो. पहिले अपील वर्षभर पडून राहिले असेल, तर नवे अपील उघडच मुदतीबाहेरचे. इथे कलम ५ चा आधार घेता येतो. कलम १४ थेट अपिलाला लागत नाही, पण त्याचे तत्त्व विलंब माफ करताना विचारात घ्यावे, असे सर्वोच्च न्यायालयाने एम. पी. स्टील कॉर्पोरेशनच्या २०१५ च्या निकालात म्हटले आहे. तरीही विलंब माफी हक्काने मिळत नाही. म्हणून मागे घेण्याच्या अर्जावर सही करण्यापूर्वी वकिलांना कागदावर तारखा मांडायला सांगा. वादाचे कारण केव्हा घडले, मुदत किती, ती केव्हा संपते किंवा संपली, आणि संपली असेल तर कोणत्या कलमाने वाचणार. याचे उत्तर मिळाले नाही, तर अर्ज त्या दिवशी देऊ नये.

वाटणीच्या दाव्याची गोष्ट जरा सैल आहे. मिळकत एकत्र आहे तोवर वाटणी मागण्याचा हक्क जिवंत असतो, त्यामुळे मागे घेतलेल्या वाटणीच्या दाव्यानंतरही नवा दावा अनेकदा टिकतो. पण मधल्या काळात कोणी ‘तुझा हिस्सा नाही’ असे स्पष्ट नाकारले असेल किंवा जमीन विकली गेली असेल, तर तेच सोपे वाटणारे प्रकरण गुंतागुंतीचे होते. शिवाय वाटणीच्या दाव्यात प्रतिवादीही हिस्सेदारच असतो. वादीने अंग काढून घेतले, तर आदेश २३, नियम १-अ खाली प्रतिवादी स्वतः वादीच्या जागी येण्याची परवानगी मागू शकतो. गावातल्या बहिणींनी हे विशेष लक्षात ठेवावे. भावाने दावा मागे घेतला म्हणून तुमचा हिस्सा मागे घेतला जात नाही.

अर्ज कसा हवा?

पुरसिस नको, सविस्तर अर्ज हवा, सोबत प्रतिज्ञापत्र हवे. अर्जात तीन गोष्टी उघड दिसल्या पाहिजेत: दोष कोणता, त्यामुळे दावा का बुडणार, आणि नवा दावा नेमका कशासाठी. नमुन्यादाखल मजकूर असा असू शकतो:

‘वादीने दाव्यातील मिळकतीचे वर्णन जुन्या भूमापन क्रमांकाने दिले आहे. एकत्रीकरणानंतर सदर मिळकतीस पडलेला गट क्रमांक व क्षेत्र दाव्यात नमूद नाही. ही बाब मोजणीचा नकाशा मिळाल्यानंतर निदर्शनास आली. सदर दोषामुळे हुकूमनामा झाल्यास तो अमलात आणता येणार नाही. सबब, आदेश २३, नियम १ (३) अन्वये सदर दावा मागे घेण्याची व त्याच विषयाबाबत नव्याने दावा दाखल करण्याची परवानगी द्यावी. अशी परवानगी देणे न्यायालयास योग्य वाटत नसल्यास हा अर्ज दावा मागे घेण्याचा अर्ज समजू नये व प्रकरण गुणदोषांवर चालवावे.’

शेवटचे वाक्य वगळू नका. मागे घेणे आणि मुभा ही एकच जोडमागणी आहे. न्यायालयाला मुभा द्यायची नसेल, तर सबंध अर्ज फेटाळून प्रकरण पुढे चालवणे हा योग्य मार्ग. अर्धी मागणी मंजूर करून माणसाला बाहेर काढणे हा नव्हे. पण पुढे त्यावर वाद घालत बसण्यापेक्षा अर्जातच तसे लिहून ठेवलेले बरे.

मुभा आधी किंवा सोबत मिळाली पाहिजे. आज मागे घेतो, मुभेचा अर्ज पुढच्या तारखेला देतो, असे चालत नाही. मागे घेतल्यावर न्यायालयापुढे प्रकरणच उरत नाही, मग मुभा कशात देणार?

दाव्यात तुम्ही एकटे वादी नसाल, तर इतरांच्या संमतीशिवाय तुम्हाला सगळ्यांचा दावा मागे घेता येत नाही. अज्ञान मुलाच्या वतीने दावा असेल, तर न्यायालयाची वेगळी परवानगी लागते, त्याच्या वतीने दावा चालवणाऱ्या वाद-मित्राचे प्रतिज्ञापत्र लागते. आणि वकीलपत्र दिले म्हणजे वकिलांना हे सगळे तुम्हाला न विचारता करण्याचा अधिकार मिळाला असे नाही. पक्षकाराचा हक्क सोडून देणारी कबुली स्पष्ट सूचनेशिवाय देऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ च्या हिमालयन को-ऑपरेटिव्ह ग्रुप हाउसिंग सोसायटीच्या प्रकरणात म्हटले आहे. अर्ज तुम्हाला समजेल अशा भाषेत वाचून दाखवायला सांगा. देवरी-सालेकशाकडे घरात गोंडी, गोंदिया-आमगावकडे पोवारी बोलणारी कितीतरी माणसे आहेत. कोर्टाची मराठी कानाला परकी वाटते म्हणून न विचारता अंगठा देऊ नये.

आदेश झाला की त्याच दिवशी तो वाचा. ‘मागे घेतल्याने निकाली’ आणि ‘नवीन दावा दाखल करण्याच्या मुभेसह मागे घेण्यास परवानगी’ या दोन आदेशांत तुमच्या जमिनीएवढा फरक आहे. न्यायाधीश तोंडी ‘ठीक आहे, पुन्हा लावा’ म्हणाले, वकिलांनी ऐकले, तरी लेखी आदेशात नसेल तर त्याचा उपयोग नाही. लिहिण्यात चूक राहिली असेल, तर ताबडतोब दुरुस्तीचा अर्ज द्यावा. कलम १५२ लेखनातल्या चुकांसाठी आहे. उच्च न्यायालयात यासाठी ‘स्पीकिंग टू मिनिट्स’ अशी नोंद करून प्रकरण पुन्हा पुकारायला लावतात. वर्षभराने जाग आली, तर ती चूक होती की न्यायालयाने खरोखरच मुभा दिली नव्हती, हे सिद्ध करणे कठीण. समोरच्याचा खर्च भरण्याच्या अटीवर मुभा मिळाली असेल, तर आधी खर्च भरून पावती जपून ठेवा, मग नवा दावा लावा.

गावातला समेट

मागे घेण्याचे एक कारण कायद्याच्या पुस्तकात नसते, पण आपल्याकडे फार आढळते. ते म्हणजे गावात बसून झालेला समेट. १५ ऑगस्ट २००७ रोजी सुरू झालेल्या महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहिमेने अनेक गावांत बसून बोलायची सवय लावली, ही चांगलीच गोष्ट झाली. पण समेट झाल्यावर लोक न्यायालयात येऊन नुसती पुरसिस देतात: ‘आपसात तडजोड झाल्याने दावा मागे घेत आहे.’ पुढे धान निघाले, भाव बदलला, मुलगा शहरातून परत आला, आणि दिलेला शब्द फिरला. तडजोडीचा हुकूमनामा नाही, दावा मुभेशिवाय मागे घेतलेला; जमिनीवर हक्क सांगणाऱ्याच्या हातात फारसे काही उरत नाही.

अशा वेळी मागे घेऊच नका. आदेश २३, नियम ३ खाली तडजोडपत्र लेखी करा, दोन्ही बाजूंच्या सह्या करा, कोणता गट, किती आर, कोणत्या दिशेने, ताबा केव्हा, रस्ता कुठून, सगळे लिहा आणि त्याप्रमाणे हुकूमनामा मागा. समोरचा फिरला तर थेट दरखास्त लावता येते. लोकअदालतीत तडजोड झाली तर तो निवाडा हुकूमनाम्यासारखाच अमलात येतो, त्यावर अपील नसते आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. समेटाच्या बाबतीत एवढे केले, तर मुभेचा प्रश्नच येत नाही.

इतर दारी काय?

उच्च न्यायालयातल्या रिट याचिकेला आदेश २३ जसाच्या तसा लागत नाही, तरी तत्त्व तेच लागते. आपल्या शेजारच्या छत्तीसगडातल्या, तेव्हाच्या मध्य प्रदेशातल्या, सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिसचे प्रकरण यात पाया मानले जाते. याचिका मुभेशिवाय मागे घेऊन तशीच दुसरी दाखल केली होती. सर्वोच्च न्यायालयाने १९८६ मध्ये सांगितले, की अशी दुसरी रिट याचिका चालणार नाही. दाव्यासारखे अन्य उपाय मात्र खुले राहू शकतात. एखाद्याला बेकायदा डांबून ठेवल्याच्या याचिकेला हे बंधन लागत नाही.

याहून सूक्ष्म धडा गोव्याच्या प्रकरणात आहे. विनोद कपूर विरुद्ध गोवा राज्य, २०१२. उच्च न्यायालयाच्या निकालाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेलेली याचिका पुनर्विलोकन अर्ज करण्यासाठी परवानगीने मागे घेतली. पुनर्विलोकन फेटाळले गेले. मग मूळ निकालाला पुन्हा आव्हान द्यायला गेले, तेव्हा सर्वोच्च न्यायालय म्हणाले, की पुनर्विलोकनाची परवानगी घेतली होती, पुन्हा इथे येण्याची नव्हती. परवानगी होती, पण ती हव्या त्या गोष्टीची नव्हती. म्हणून पुनर्विलोकनासाठी अपील मागे घेत असाल, तर ते फेटाळले गेल्यास मूळ निकालाविरुद्धही पुन्हा येण्याची मुभा, असे दोन्ही शब्द आदेशात मागा.

नोकरीच्या प्रकरणात ‘शासनाकडे निवेदन देण्याच्या मुभेसह मागे’ असा आदेश बऱ्याचदा होतो. निवेदनाला उत्तर आले म्हणून जुन्या तक्रारीची मुदत नव्याने सुरू होत नाही, हे सी. जेकब प्रकरणात २००८ मध्ये ठरले आहे. निवेदन फेटाळले गेल्यास पुन्हा येण्याची मुभा सोबत मागावी.

फेरफाराच्या अपिलात महसूल अधिकाऱ्यांपुढे महाराष्ट्र जमीन महसूल संहिता चालते. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या दर्जाच्या अधिकाऱ्याच्या आदेशावर ६० दिवस, अन्यथा ९०. तिथेही मागे घेताना मुभेचा शब्द लेखी घ्यावा. ग्राहक आयोगात चुकीच्या ठिकाणी तक्रार लागली असेल, तर योग्य ठिकाणी जाण्याच्या मुभेसह मागे घेता येते आणि तो काळ कलम १४ च्या तत्त्वाने वगळून मागता येतो. लक्ष्मी इंजिनिअरिंग वर्क्सच्या १९९५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने तशी वाट दाखवली आहे.

फौजदारी तक्रारीबाबत मात्र फार सांभाळा. चेक न वटल्याची तक्रार मागे घेतली, की भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २८० खाली आरोपी निर्दोष सुटतो. तिथे ‘पुन्हा लावू’ हा शब्दच नाही. पैसे हातात पडण्यापूर्वी ती मागे घेऊ नये.

नवा दावा म्हणजे नवी कोर्ट फी, हेही आधी धरून चाला. भरणपोषण आणि कौटुंबिक मालमत्तेच्या वादात महाराष्ट्रात महिलांना कोर्ट फी माफ आहे, तो लाभ नव्या दाव्यातही मिळतो. वकिलांचा खर्च झेपत नसेल किंवा दुसरे मत हवे असेल, तर गोंदियाच्या जिल्हा न्यायालयातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा, तालुक्यात विधी सेवा समितीकडे जा. महिला, अनुसूचित जाती आणि अनुसूचित जमातीच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो; १५१०० या क्रमांकावरही विचारता येते. जाताना दाव्याची प्रत, निकालाची नक्कल, शेवटच्या तारखेचा रोजनामा, सातबारा, मोजणीचा नकाशा आणि आधी काही मागे घेतले असेल तर त्या आदेशाची नक्कल सोबत न्या. नक्कल नसेल, तर आधी नक्कल अर्ज द्या, कारण त्या आदेशातले शब्द पाहिल्याशिवाय कोणताही वकील तुम्हाला खरे उत्तर देऊ शकणार नाही.